भिंतीच्या आत

अंकाचा यंदाचा विषय ‘दगड’ असल्याचं संपादकांनी कळवलं, तोवर गड, लेणी, वीरगळ आणि पाटा-वरवंटा यांची वाटणी होऊन गेली होती. ‘तुम्ही जरा बाहेरचं काही बघा,’ असं म्हणाले. ऑगस्टअखेर कामानिमित्त तिबिलिसीला जाणं ठरलेलंच होतं. तिथून मोटारीने पाच-सहा तासांवर येरेवान, आणि येरेवान म्हणजे दगडाचंच शहर. सरकारी कचेऱ्या, ऑपेरा, हॉटेलं, सोव्हिएत काळातल्या रहिवासी इमारती, सगळ्यांच्या अंगावर गुलाबी, केशरी नाहीतर काळसर तुफ. ज्वालामुखीची राख दाबली जाऊन घट्ट झाली की हा दगड तयार होतो. सह्याद्रीचा कातळही ज्वालामुखीचाच, पण तो लाव्हा थंड होऊन झालेला. काळा, वजनदार, छिन्नीला सहजासहजी दाद न देणारा. तुफ हलका असतो. खाणीतून निघतो तेव्हा मऊ असतो आणि उघड्यावर राहिला की हळूहळू कठीण होत जातो. या देशाने आपली चर्चेस दीड हजार वर्षांहून अधिक काळ प्रामुख्याने याच दगडात बांधली.

ती बघायची सगळ्यात सोपी रीत म्हणजे अर्ध्या दिवसाची सहल. सकाळी रिपब्लिक चौकाजवळून व्हॅन निघते, येरेवानपासून वीसेक किलोमीटरवरच्या वाघार्शापात गावात जाते, ह्रिप्सिमे, एचमियाद्झिन आणि गायाने ही चर्चेस दाखवते, येताना झ्वार्तनोत्सच्या अवशेषांपाशी थांबते आणि दुपारच्या जेवणाला माणसं परत आणून सोडते. या सगळ्या जागा २००० सालापासून युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत एकाच नोंदीखाली आहेत. सहल आखणाऱ्याचं काम त्यामुळे आयतंच झालेलं.

व्हॅनमध्ये एक रशियन जोडपं होतं, दुबईच्या इस्पितळात काम करणाऱ्या फिलिपिनो परिचारिका होत्या, आणि शारजाहून आलेलं ठाण्याचं कुटुंब: नवरा-बायको आणि नवऱ्याची आई. आखातातून येरेवान तीन तासांच्या उड्डाणावर आहे आणि तिकडच्या रहिवाशांना व्हिसाची फारशी कटकट नाही, त्यामुळे इथे हिंदी आणि मल्याळम कानावर पडतंच. आजींनी पायात स्पोर्ट्स शूज चढवले होते आणि पदर खोचून त्या पहिल्या सीटवर बसल्या होत्या. गाईड तिशीची, वास्तुरचना शिकलेली. तिचे आजोबा आर्तिकच्या तुफाच्या खाणीत कामाला होते. माझा विषय कळल्यावर ती म्हणाली, ‘सगळे आत शिरून वर घुमटाकडे बघतात. तुम्ही जिथे दगड निखळलाय तिथे बघा.’

कॅसिनोंच्या रस्त्याने

शहर संपता संपता कॅसिनो लागतात. रस्त्याच्या कडेला दिवसाढवळ्या दिवे लावून ठेवलेली ही ठोकळेबाज घरं मागे टाकली की द्राक्षमळे सुरू होतात. ऑगस्टच्या मध्यावर चर्चमध्ये द्राक्षांना आशीर्वाद देण्याचा सण असतो आणि जुन्या वळणाची माणसं त्याआधी द्राक्ष तोंडात घालत नाहीत. आम्ही गेलो तेव्हा तो सण होऊन गेला होता, त्यामुळे रस्त्याकडेला क्रेटच्या क्रेट रचलेले होते. डाव्या हाताला धुरकट हवेत अरारात. ५,१३७ मीटर उंच, माथ्यावर भर उन्हाळ्यातही बर्फ. या लोकांच्या राजमुद्रेवर हाच डोंगर आहे, ब्रँडीच्या बाटलीवरही हाच, पण तो आहे तुर्कस्तानात, आणि तिकडची सरहद्द १९९३ पासून बंद.

गाईडने माइक हातात घेऊन ३०१ हा आकडा सांगितला. आर्मेनियात तो शाळकरी पोरालाही पाठ असतो. जगात सर्वांत आधी ख्रिस्ती धर्म हा राज्याचा धर्म म्हणून आम्ही स्वीकारला, तो ३०१ साली. अभ्यासक ही घटना ३१४ च्या आसपास सरकवतात. गाईडला ते ठाऊक होतं आणि तिने ते सांगितलंही, पण माइक खाली ठेवल्यावर.

६१८ चा गारवा

परंपरेने सांगितली जाणारी गोष्ट अशी. रोमचा सम्राट डायोक्लेशियन याच्या तावडीतून निसटलेल्या काही ख्रिस्ती कुमारिका आर्मेनियात आल्या. त्यांतल्या ह्रिप्सिमेवर राजा त्रदात भाळला. तिने नकार दिला. तिला, तिच्या सोबतिणींना आणि त्यांची वडीलधारी गायाने हिला हाल करून मारण्यात आलं. राजाला वेड लागलं, तो रानडुकरासारखा हिंडू लागला. त्याने ज्या ग्रिगोरला खोर विरापच्या विहिरीत तेरा वर्षं कोंडून ठेवलं होतं त्यालाच शेवटी बाहेर काढावं लागलं. ग्रिगोरने राजाला बरं केलं, राजाने बाप्तिस्मा घेतला. आजची सगळी सहल या एका गोष्टीच्या जागांवरून फिरते. ह्रिप्सिमे जिथे मारली गेली तिथे एक चर्च, गायाने जिथे मारली गेली तिथे दुसरं.

ह्रिप्सिमेचं चर्च वाघार्शापातच्या वेशीवरच लागतं. ३९५ साली इथे लहानसं समाधिस्थान होतं. त्यावर कॅथोलिकोस कोमितास यांनी ६१८ साली आजचं चर्च उभारलं आणि तसे शिलालेख कोरवून ठेवले. कॅथोलिकोस म्हणजे आर्मेनियन चर्चचे सर्वोच्च धर्मगुरू. बाहेरून इमारत जवळजवळ निर्विकार आहे. नक्षी नाही, मूर्ती नाहीत. फक्त चारही भिंतींत वरपासून खालपर्यंत खोल, त्रिकोणी खाचा पाडलेल्या. ऑगस्टच्या उन्हात त्या खाचांतली सावली काळीकुट्ट दिसते आणि भिंतीला चेहरा येतो. खाचा शोभेसाठी मात्र नाहीत. आतल्या दोन अर्धगोलांच्या मध्ये दगड-चुन्याचं जे निव्वळ ओझं साचलं असतं ते तिथून कापून काढलं आहे. भिंत हलकी झाली आणि मजबुती होती तशीच राहिली.

आत शिरताच अंगावर गारवा आला. आजी म्हणाल्या, ‘अगं बाई, एसी आहे का?’ एसी नव्हता. हाताच्या लांबीपेक्षा जाड भिंती आणि वर मोजक्या खिडक्या. बाहेरून चौकोनी वाटलेल्या इमारतीच्या आत चार दिशांना चार अर्धगोल, आणि त्यांच्या मधल्या चार कोपऱ्यांत अरुंद, पाऊण वर्तुळाचे कोनाडे. गवंड्यापुढचा जुना पेच इथे सुटलेला दिसतो: चौकोनी खोलीवर गोल घुमट बसवायचा कसा? चार मोठ्या कमानी आणि कोपऱ्यांच्या चार लहान कमानी मिळून चौकोनाचा आधी अष्टकोन केला आहे. मग अष्टकोनाच्या प्रत्येक कोपऱ्यात आणखी लहान कमान घालून त्याला वर्तुळाच्या जवळ आणलं आहे. त्यावर खिडक्यांचा गोल कठडा, आणि त्यावर घुमट. गेली चौदाशे वर्षं हे भूकंपाच्या प्रदेशात उभं आहे.

दाराशी एक बाई पातळ, पिवळ्या मेणाच्या मेणबत्त्या विकत होती. लोक त्या पेटवून वाळू भरलेल्या पसरट तबकात खोचत होते, भिंतीला हात लावून कपाळाला टेकवत होते, आणि निघताना वेदीकडे पाठ न करता उलट्या पावलांनी दारापर्यंत जात होते. फिलिपिनो परिचारिकांनी डोक्यावर ओढण्या घेतल्या. आजींनी नुसता पदर घेतला.

याच चर्चशी आणखी एक नाव जोडलेलं आहे. इमारत उभारणारे कोमितास स्तोत्रकारही होते, ह्रिप्सिमेच्या सोबतिणींवर त्यांनी स्तोत्र रचलं. साडेबारा शतकांनंतर, १८८१ साली, तुर्कस्तानातल्या क्युताह्याहून एक अनाथ मुलगा एचमियाद्झिनच्या धर्मविद्यालयात आणला गेला. त्याला आर्मेनियन बोलता येत नव्हतं, गाता मात्र येत होतं. पुढे दीक्षा घेताना त्याने या जुन्या धर्मगुरूचं नाव घेतलं. हेच संगीतकार कोमितास. खेडोपाडी हिंडून त्यांनी हजारो लोकगीतं टिपली, चर्चच्या संगीताला आजचं रूप दिलं. २४ एप्रिल १९१५ ला इस्तंबूलमध्ये आर्मेनियन विचारवंतांची धरपकड झाली त्यात ते होते. ते जिवंत परतले, पण मनाने मोडले आणि १९३५ साली पॅरिसमध्ये वारले. आजही चर्चमधल्या प्रार्थनेत त्यांनी बांधलेल्या चाली अनेकदा ऐकू येतात.

कोंबडा आणि मीठ

आवाराच्या भिंतीलगत एक कुटुंब उभं होतं. पोराच्या काखेत कोंबडा, बापाच्या हातात मिठाची पुडी. आजींची नजर तिकडेच. ‘विचार गं तिला, नवसाचा आहे का?’ सुनेने विचारलं. होय, नवसाचाच. याला माताघ म्हणतात. आजारातून उठलेलं माणूस, सैन्यातून सुखरूप परतलेला मुलगा, अपघातातून वाचलेली गाडी, निमित्त काहीही असतं. ऐपतीप्रमाणे कोंबडा किंवा मेंढा. पाद्री मिठाला आशीर्वाद देतो, त्यातलं थोडं जनावराला चाटवतात, मग ते कापतात. मांस नुसत्या मिठाच्या पाण्यात उकडायचं, भाजायचं नाही, तळायचं नाही, आणि वाटून टाकायचं. सात घरी द्यावं असा संकेत आहे. शिल्लक ठेवायचं नाही.

‘आमच्या गावदेवीला पण असंच,’ आजी म्हणाल्या, ‘पण आम्ही तिखट घालतो.’

गाईड हसली, आणि मग तिने जे सांगितलं ते सहलीच्या पत्रकात नव्हतं. ख्रिस्ती होण्याआधीची ही चाल चर्चने मोडली नाही, तिच्यात मीठ घातलं आणि ती आपली केली. ग्रिगोरच्या काळी जुन्या देवळांतल्या पुजाऱ्यांचं पोट जनावराच्या वाट्यावर होतं, त्यांना नव्या धर्मात आणायचं तर वाटा चालू ठेवणं भाग होतं, असा खुलासा परंपरेत दिला जातो. मला तो पटण्यासारखा वाटतो. धर्म बदलले तरी स्वयंपाकघरं इतक्या चटकन बदलत नाहीत.

दुरुस्तीत टिकलेलं

एचमियाद्झिनचं आवार म्हणजे एक लहानसं गावच आहे. धर्मविद्यालय, कॅथोलिकोसांचा वाडा, ग्रंथालय, उघड्यावरची भव्य वेदी. ही वेदी २००१ सालची. धर्मस्वीकाराला सतराशे वर्षं झाली म्हणून पोप जॉन पॉल दुसरे आले, त्या वेळच्या समारंभासाठी बांधलेली. टोकदार काळ्या टोपड्यातले ब्रह्मचारी धर्मगुरू आणि जीन्समधले विद्यार्थी एकाच फरसबंदीवरून ये-जा करतात. हिरवळीवर खाचकार मांडलेले आहेत, म्हणजे क्रूस कोरलेल्या उभ्या शिळा. त्यांतल्या काही अझरबैजानच्या नाखिचेवानमधल्या जुन्या जुगा गावच्या. तिथल्या कबरस्तानात अशा हजारो शिळा होत्या. १९९८ ते २००५ या काळात त्या फोडून नाहीशा केल्या गेल्या. त्याआधीच इकडे आणलेल्या मूठभर वाचल्या. एका शिळेवरची जाळी मी जवळून पाहिली. तुफाच्या एकाच फळीत पातळ दोरा गाठी मारत, वर-खाली होत जातो, आणि कुठे सुटतो ते शोधताना नजर फिरून पहिल्या जागी येते.

मुख्य चर्चसमोर उभं राहिलं की जुनं नेमकं कशाला म्हणायचं, हा प्रश्न पडतो. परंपरा म्हणते, ग्रिगोरला दृष्टान्त झाला, ख्रिस्ताने सोन्याच्या हातोड्याने जमिनीवर घाव घातला आणि त्या जागी ३०१ ते ३०३ या काळात चर्च उभं राहिलं. आज जो आराखडा दिसतो तो वाहान मामिकोनियान याने ४८३-८४ साली केलेल्या पुनर्बांधणीचा. दारापुढचा नक्षीदार घंटामनोरा १६५८ चा. आतली चित्रं नाघाश होवनातान आणि त्याच्या वंशजांची, म्हणजे अठराव्या शतकातली आणि पुढची. मागचं वस्तुसंग्रहालय १८६९ चं. अलीकडची दुरुस्ती अनेक वर्षं चालली आणि २०२४ च्या सप्टेंबरअखेर चर्च पुन्हा भाविकांसाठी उघडलं. नुकत्याच धुतल्या-पुसलेल्या भिंती, ताजे उजळलेले रंग. रशियन गृहस्थ जरा हिरमुसले. त्यांना काजळी धरलेलं, अंधारं असं काहीतरी हवं होतं.

उत्तरेच्या बाहेरच्या भिंतीत मात्र वेगळ्या पोताच्या दोन शिळा बसवलेल्या आहेत. एकीवर क्रूस, दुसरीवर संत पॉल आणि त्याची शिष्या थेक्ला, आणि अक्षरं ग्रीक. आर्मेनियन लिपी मेस्रोप माश्तोत्स याने ४०५ च्या सुमारास घडवली, त्याआधी इथे ग्रीक आणि सिरियाक चालत असे, त्या जगाची ही खूण. कुठल्या तरी दुरुस्तीत गवंड्याला या शिळा हाताशी लागल्या आणि त्याने त्या फेकून न देता भिंतीत बसवल्या.

जुन्या काळाची आणखी एक खूण वेदीच्या खाली आहे. १९५० च्या दशकात अलेक्सांद्र साहिनियान यांनी इथे खोदलं तेव्हा मुख्य वेदीखाली अग्निकुंड सापडलं. अग्यारीवरून रोज जाणाऱ्या मुंबईकराला याचं नवल कमी वाटेल. पाचव्या शतकात आर्मेनिया सासानी इराणच्या अमलाखाली होता आणि अग्निपूजा स्वीकारा म्हणून बादशहाचा दबाव होता. ४५१ साली अवारायरच्या लढाईत आर्मेनियन हरले, सेनापती वार्दान मामिकोनियान पडला. पुढे त्याच्या पुतण्याने, वाहानने, झुंज चालू ठेवली आणि ४८४ च्या तहात धर्मस्वातंत्र्य पदरात पाडून घेतलं. म्हणजे तह आणि चर्चची पुनर्बांधणी एकाच माणसाची आणि एकाच काळातली. अग्निकुंड उखडून टाकता आलं असतं, पण त्यावरच वेदी चढवली गेली.

वस्तुसंग्रहालयात काचेमागे नोहाच्या तारवाचं म्हणून मानलेलं लाकूड आहे, ख्रिस्ताच्या कुशीत खुपसलेला म्हणून मानलेला भाला आहे, आणि चांदीच्या हातात मढवलेला संत ग्रिगोरचा उजवा हात आहे. तिन्हींच्या खरेपणावर मला काही म्हणायचं नाही. या हाताला मात्र अजून काम आहे. दर सात वर्षांनी इथे मोठ्या भांड्यात पवित्र तेल सिद्ध करतात. ऑलिव्हच्या तेलात चाळीसहून अधिक वनस्पती आणि सुगंधी द्रव्यं पडतात, मग विरजण लावावं तसं मागच्या खेपेचं तेल त्यात मिसळतात आणि ग्रिगोरच्या त्या हाताने ढवळतात. नंतर ते जगभरच्या आर्मेनियन चर्चना जातं. बाप्तिस्म्याच्या वेळी बाळाच्या कपाळाला लागणाऱ्या बोटभर तेलात आधीच्या सगळ्या खेपांचा अंश असतो, असं हे लोक मानतात. तेल भारतातही येतं. कोलकात्यात आर्मेनियन शाळा आणि चर्चेस आहेत, मुंबईत फोर्टच्या मेडोज स्ट्रीटवर १७९६ चं आर्मेनियन चर्च आहे. उलट दिशेनेही बरंच काही आलं. १७७१ साली एचमियाद्झिनला आर्मेनियाच्या भूमीवरचा पहिला छापखाना निघाला, त्याला पैसा पुरवला मद्रासच्या एका आर्मेनियन व्यापाऱ्याने. जगातलं पहिलं आर्मेनियन नियतकालिक ‘आझदारार’ हेही १७९४ साली मद्रासमध्येच निघालं.

आवारातून निघताना नवरोबांनी विचारलं, ‘चर्चचं आणि सरकारचं भांडण चाललंय ना?’ गाईडने आवाज खाली आणला. पंतप्रधान निकोल पशिन्यान आणि कॅथोलिकोस करेकिन दुसरे यांच्यातला वाद २०२५ मध्ये चव्हाट्यावर आला. त्या जूनमध्ये एका आर्चबिशपना ताब्यात घेण्यासाठी सुरक्षा दलाची माणसं याच आवारात शिरली आणि धर्मगुरू व भाविक त्यांना आडवे आले. ‘आमच्या घरात यावरून जेवताना दोन तट पडतात,’ एवढंच ती म्हणाली आणि घड्याळ बघत पुढे निघाली.

गायानेपुढची वरात

गायानेच्या चर्चला वेळ कमीच मिळाला, कारण लग्न होतं. शनिवारी तिथे एकामागून एक लग्नं लागतात. ६३० साली कॅथोलिकोस एझर यांनी बांधलेली ही इमारत ह्रिप्सिमेहून वेगळी: लांबट दालन, मध्ये चार मोकळे खांब, त्यांवर घुमट. पुढची कमानींची पडवी १६८३ ची. त्या पडवीतच फोटोवाल्याने नवरीचा घोळ पसरून ठेवला होता. आत नवरा-नवरी कपाळाला कपाळ टेकवून उभे होते, डोक्यावर मुकुट, आणि ‘कावोर’, म्हणजे धर्मपिता, दोघांच्या डोक्यांवर क्रूस धरून ताटकळलेला. त्याचा हात थरथरायला लागला तसा त्याने दुसऱ्या हाताचा टेकू दिला. बाहेर झुर्ना आणि ढोल वाजवणारे सिगारेट ओढत थांबले होते. पुढच्या लग्नाची गाडी फाटकात शिरत होती.

जे पडलं ते दिसतं

झ्वार्तनोत्सला तिकीट आहे, सावली नाही. कॅथोलिकोस नेर्सेस तिसरे यांना लोक ‘बांधणारे नेर्सेस’ म्हणत. ६४३ च्या सुमारास त्यांनी इथे काम काढलं, ६५२ ला चर्चचं उद्घाटन झालं, आणि दहाव्या शतकात, बहुधा भूकंपात, ते कोसळलं. मग माती चढली. १९०० पासून खोदकाम झालं तेव्हा ते पुन्हा वर आलं. आज दिसतं ते म्हणजे गोल जोत्याच्या पायऱ्या, विसाव्या शतकात पुन्हा उभे केलेले काही खांब, आणि भोवती गवतात ओळीने लावून ठेवलेले कोरीव दगड. एका खांबाच्या माथ्यावर पंख पसरलेला गरुड आहे. काही माथ्यांवर टोपलीची वीण आणि तीत नेर्सेसची ग्रीक मुद्रा. कमानीच्या तुकड्यांवर द्राक्षवेली, डाळिंबं आणि हातात अवजारं धरलेली माणसं.

गाईडने सकाळी सांगितलं होतं ते इथे पाहायला मिळालं. मोठ्या खांबांचे बुंधे तुटलेले आहेत आणि त्यांचं पोट उघडं पडलंय. बाहेर नीट घासून बसवलेले तुफाचे चिरे, सांध्यात कागद जाणार नाही असे. आत चुना, तुफाच्या कपच्या आणि खडे यांचा कोंबून भरलेला गारा, जो आता दगडाहून कठीण झालाय. आर्मेनियन भिंत अशीच असते. दोन बाजूंना घडीव चिऱ्यांचे पडदे उभे करायचे, चिऱ्यांची मागची बाजू मुद्दाम ओबडधोबड ठेवायची म्हणजे चुना तिला धरतो, आणि मधली जागा गाऱ्याने भरत भरत वर जायचं. भार पेलतो तो मधला गारा. चिरे सुरुवातीला त्याचा साचा असतात आणि नंतर त्याचं पांघरूण. म्हणूनच चिरे निखळून पडलेली, पण गारा तसाच उभा असलेली चर्चेस या देशात जागोजागी दिसतात. आणि म्हणूनच एचमियाद्झिनसारख्या ठिकाणी पिढ्यानपिढ्या बाहेरचे चिरे बदलता येतात. दगडाच्या देशात मी जे बघायला आलो होतो ते खरं तर चुन्याचं काम होतं.

मग एवढं पक्कं बांधून हे का कोसळलं? ह्रिप्सिमेच्या गवंड्यांनी चारही अर्धगोल भरीव भिंतीत घेतले होते. इथे चारपैकी तीन अर्धगोल भिंतीऐवजी नुसत्या खांबांवर उभे होते, प्रत्येकी सहा, म्हणजे आत उभ्या माणसाला पलीकडची गोल प्रदक्षिणा-वाट आरपार दिसावी. पूर्वेचाच तेवढा भरीव. वर मजल्यावर मजला. अंदाजाने उंची पंचेचाळीस मीटर धरतात. ज्याने हे कल्पिलं त्याच्या धाडसाला मी सलाम करेन, पण भूकंपाच्या रात्री झोपायला मी ह्रिप्सिमेत जाईन.

छोट्या संग्रहालयात चर्चची प्रतिकृती आहे: एकावर एक तीन नळकांडी, वर शंकूचं टोपरं. हे रूप तोरोस तोरामानियान या वास्तुविशारदाने नुसत्या जोत्यावरून आणि पडलेल्या दगडांवरून मांडलं. लोक हसले. थोड्याच दिवसांत निकोलाय मार यांना अनी या जुन्या आर्मेनियन राजधानीच्या उत्खननात राजा गागिकचा पुतळा सापडला. गागिकने झ्वार्तनोत्सची नक्कल म्हणून चर्च बांधलं होतं आणि पुतळ्याच्या हातात त्याची प्रतिकृती होती. ती तोरामानियानच्या बाजूने बोलली. पुढच्या धामधुमीत तो पुतळा गहाळ झाला, अनी आता सरहद्दीपलीकडे आहे, आणि तिसरा मजला खरोखर असाच होता का, यावर अभ्यासकांची हुज्जत अजून चालू आहे.

इथल्या उत्खननात याहून जुना एक दगड मिळाला आहे. इसवी सनापूर्वी सातव्या शतकातला, उरार्तू या इथल्या प्राचीन राज्याचा राजा दुसरा रुसा याचा, कीलाक्षरांत लिहिलेला. मजकूर कालव्याचा आणि फळबागांचा आहे: नदीवरून पाणी आणलं, पूर्वी इथे काही नव्हतं, मी मळे लावले. आजी तिथे बराच वेळ थांबल्या. सुनेने अर्थ सांगितल्यावर म्हणाल्या, ‘हा कामाचा राजा.’

चालक हॉर्न देत होता. नवरोबांना ब्रँडीच्या कारखान्याचं विचारायचं राहिलं होतं. तो या सहलीत नाही, गाईड म्हणाली, वेगळं तिकीट काढावं लागेल. उद्या गार्नी आणि गेघार्दला या, गेघार्दची काही चर्चेस बांधलेली नाहीत, डोंगरात कोरलीत. ‘म्हणजे लेणंच की,’ आजी म्हणाल्या, आणि मुलाला न विचारता त्यांनी उद्याची नावं देऊन टाकली.